दुसरी थप्पड

त्र्यंबक मुळीकला मुलीने अमेरिकेत आणलं तेव्हा तो सत्तरीचा होता. डेट्रॉइटच्या विमानतळावरून नोव्हायला येताना वैदेहीने गाडीतच त्याला बजावलं, "बाबा, इथे कुणी विचारलं तर बँकेतून रिटायर झालो म्हणायचं. बाकी काही सांगायचं नाही."

"खोटं नाहीच ते. सहा वर्षं बँकेत होतो की मी."

"मग झालं. त्या सहा वर्षांवरच थांबायचं."

तो थांबला. चांगली दोन वर्षं थांबला. उन्हाळ्यात सबडिव्हिजनमधल्या, म्हणजे त्यांच्या वसाहतीतल्या, तळ्याकाठी मोटार कंपन्यांतल्या इंजिनियरांचे आईबाप फिरायला येत. कुणी नागपूरचे निवृत्त प्राध्यापक, कुणी ठाण्याच्या मुख्याध्यापिका. त्यांच्यात 'बँकवाले मुळीक काका' खपून गेले. सहा फूट दोन इंच उंची, खोंडासारखी मान आणि उजव्या भुवईवर जुना व्रण, यामुळे कुणी तरी विचारायचंच, "पैलवान होतात का हो?" मग तो सांगायचा, "नाही, कॉलेजात गोळाफेक करायचो." आणि समोरचा माणूस हटकून दचकायचा. कारण त्या अंगातून निघणारा आवाज बालवाडीच्या बाईंचा होता. बारीक, मऊ, शेवटाला किंचित थरथरणारा. मिरजेला शाळेत पोरं म्हणायची, हत्तीच्या पोटात चिमणी बसलीय.

गोळाफेकीच्याच जोरावर त्याला बँकेत नोकरी लागली होती आणि बँकेने त्याला एर्नाकुलमला टाकलं होतं. बायको सुमित्रा आणि लहानगी वैदेही मिरजेतच राहिल्या. एका रविवारी बँकेच्या इमारतीत मलयाळम सिनेमाचं शूटिंग होतं आणि तिजोरीच्या खोलीवर लक्ष ठेवायला मॅनेजरने त्र्यंबकला बसवलं होतं. दरोडेखोरांच्या टोळीतला एक नट आलाच नाही. दिग्दर्शकाने इकडेतिकडे पाहिलं, त्र्यंबकची मान पाहिली आणि म्हणाला, "हा मला चालेल." संध्याकाळपर्यंत त्र्यंबकने नायकाच्या पाठीत खुर्ची मोडली होती आणि नायकाने त्याला जिन्यावरून खाली फेकलं होतं. त्या सिनेमात त्याला एकही वाक्य नव्हतं. पुढच्यात तीन होती. तो मलयाळम शिकला. नुसती वाक्यं पाठ केली असं नाही, रीतसर शिकला. वर्तमानपत्र वाचू लागला, रिक्षावाल्याशी भांडू लागला. तीन वाक्यं घेऊन तो डबिंगच्या खोलीत गेला तेव्हा माइकपुढे आधीच एक बुटका माणूस उभा होता आणि त्र्यंबकच्या ओठांवर आपला घोगरा, दगड फोडल्यासारखा आवाज बसवत होता.

"मला एकदा संधी द्या," तो दिग्दर्शकाला म्हणाला.

दिग्दर्शक हसून हसून खाली बसला. "तू तोंड उघडलंस तर लोक तिकिटाचे पैसे परत मागतील रे."

सतरा वर्षांत त्याने ऐंशीच्या वर सिनेमे केले. पडद्यावर नाव यायचं 'बॉम्बे त्र्यंबकन', मुंबईत तो उभ्या आयुष्यात दहा-बारा वेळाच गेलेला असूनही. बहुतेक सिनेमांत तो शेवटी मरायचा: गोळीने, सुऱ्याने, ट्रकखाली, एकदा मगरीच्या तोंडी. आणि एकाही सिनेमात त्याचा स्वतःचा आवाज नव्हता.

आता ती थप्पड सांगायला हवी.

सन एक्क्याण्णव. आलुव्याला नदीकाठच्या एका घरात शूटिंग चाललं होतं. नायकाच्या बहिणीच्या कामाला शोशम्मा नावाची एकोणीस वर्षांची मुलगी घेतली होती. तिचा पहिलाच सिनेमा. आई तिच्याबरोबर यायची आणि झाडाखाली खुर्ची टाकून दिवसभर बसायची. मुलगी हसरी होती. त्र्यंबकला ती 'चेट्टा' म्हणजे दादा म्हणायची, फणसाचे तळलेले गरे आणून द्यायची. त्याचा आवाज ऐकून तिची भीती पहिल्या दिवशीच मेली होती. नेमकी तीच अडचण झाली. खलनायकाच्या टोळीतला गुंड तिच्या मुस्कटात मारतो असा प्रसंग होता. फाइट मास्टरने दोघांना शिकवलं: हात गालापासून वीतभर लांबून जाणार, मुलीने मान झटकायची, आवाज नंतर भरायचा. त्र्यंबकने असल्या थपडा शंभर वेळा मारल्या होत्या. पण तालमीत दर वेळी मुलीला हसू फुटायचं.

दिग्दर्शकाने त्र्यंबकला बाजूला घेतलं. "खरी मार. तिला सांगू नकोस."

"सर, माझा हात जड आहे."

"म्हणून तर तुला घेतलाय."

त्याने मारली. मुलगी कोलमडली, भिंतीला आपटली, खाली बसली. मग कुणी तरी टाळी वाजवली आणि पाठोपाठ सगळं युनिट टाळ्या वाजवू लागलं. लाइटवाले, चहावाला, शिडीवर चढलेला माणूससुद्धा. पाच वर्षांत त्र्यंबकच्या वाट्याला पहिल्यांदा टाळ्या आल्या होत्या. एवढ्यात कॅमेरामन ओरडला की फ्रेमच्या कोपऱ्यात कुणाची तरी छत्री आलीय, परत घ्यावं लागेल.

मुलगी डावा कान धरून उभी होती. झाडाखालून तिची आई म्हणाली, "जा बाळ, उभी राहा. एकदाच तर आहे." मुलीने त्र्यंबककडे पाहिलं. या वेळी दिग्दर्शक त्याला काही बोलला नाही. हात लांबून नेला असता तरी चाललं असतं, कारण आता तिच्या चेहऱ्यावर हवी तेवढी भीती होती. त्र्यंबकने दुसरी थप्पड पहिलीपेक्षा जोरात मारली. टाळ्याही जास्त पडल्या.

तीच दुसरी थप्पड सिनेमात राहिली. संध्याकाळी कळलं, मुलीच्या कानाचा पडदा फाटलाय, दवाखान्यात नेलंय. त्र्यंबकने भेटायला जाण्यासाठी संत्री घेतली. सकाळी मद्रासची गाडी होती, तिथे दुसरं शूटिंग होतं. संत्री लॉजच्या टेबलावर राहिली. सिनेमा शंभर दिवस चालला आणि तो टोळीतल्या गुंडाचा मुख्य खलनायक झाला. मुलगी पुन्हा कुठल्याही सिनेमात दिसली नाही.

नोव्हायमध्ये हे सगळं उघडं पडलं ते देशी दुकानातल्या तांदळाच्या पोत्यांपाशी. सोळा वर्षांची नात अनन्या त्याला गाडीतून घेऊन गेली होती. साठीचा एक गृहस्थ त्याच्याकडे बघत उभा राहिला, हातातली पिशवी खाली ठेवली आणि ओरडला, "बॉम्बे त्र्यंबकन!"

गृहस्थाचं नाव तंकच्चन. तो तिथल्या मलयाळी समाजाचा अध्यक्ष होता. त्र्यंबकने मलयाळममध्ये नमस्कार केला तसा तंकच्चनचा चेहरा पडला आणि लगेच हसण्याने फुटला. "हा तुमचा आवाज? खरा? देवा! सर, आमच्या ओणमला तुम्ही यायचंच. प्रमुख पाहुणे! दोन शब्द बोलायचे. याच आवाजात!"

तोवर अनन्याने फोनवर नाव शोधलं होतं. तिने स्क्रीन त्याच्यापुढे धरली. सात सेकंदांची चित्रफीत होती. हात येतो, मुलगी पडते, परत हात येतो, परत पडते. खाली कुणी लिहिलं होतं, सोमवार आणि मी. दुसऱ्या कुणी, पेट्रोलचा भाव आणि मी.

"आजोबा, यू आर अ मीम! माझ्या फ्रेंड्सनी हा स्टिकर पाठवलाय मला. आय हॅड नो आयडिया इट वॉज यू!"

ती कौतुकाने हसत होती. त्र्यंबकने फोन हातात घेतला आणि मुलगी अकरा वेळा पडेपर्यंत पाहत राहिला.

घरी वैदेहीने ऐकलं आणि गॅस बंद केला. "कॅन्सल करा. त्या माणसाला फोन करून सांगा, तब्येत बरी नाही."

"वैदेही, मला भाषण करायचंय. ऐंशी सिनेमे केले, त्या लोकांनी माझा आवाज कधी ऐकलाच नाही."

"माझं ऐकलंय तुम्ही कधी?" ती म्हणाली. आवाज न चढवता. "मिरजेला आपल्या शेजारी केरळच्या नर्सेस राहायच्या. दवाखान्यातल्या. मी नऊ वर्षांची होते. त्यांनी व्हीसीआर आणला होता, मला हाक मारून बोलावलं, ये ये, तुझे बाबा आहेत. मी पुढे बसले. आणि तुम्ही त्या मुलीला मारलंत. नर्सेस हसत होत्या, मला लाडू देत होत्या."

"तो सिनेमा होता, बेटा."

"मला कळत होतं सिनेमा आहे ते. पण तुम्ही सुट्टीत घरी आलात की पंख्याचं बटण दाबायला हात वर केलात तरी मी डोळे मिटायचे. तुम्ही मला कधी मारलं नाहीत, बाबा. मी वाट बघायचे. दर सुट्टीत वाट बघायचे. आईला दिसायचं. तुम्हाला कधी दिसलं नाही."

त्र्यंबक म्हणाला, "पण ओणमला मी हो म्हणून बसलोय."

वैदेहीने त्याच्याकडे बघितलं, गॅस परत पेटवला आणि म्हणाली, "जा. मला बोलावू नका."

दोन आठवडे तो भाषण लिहीत होता. मलयाळम अक्षरं हाताला जड जात होती, पण त्याने एकेक ओळ घोटून घोटून लिहिली. लहानपणी पोरं काय म्हणायची, बँकेतला तो रविवार, डबिंगच्या खोलीतला बुटका माणूस. विनोद पेरले. थपडेविषयी एक अक्षर नव्हतं.

ओणमचा कार्यक्रम एका शाळेत होता, सभागृहात नाच-गाणी आणि कॅफेटेरियात जेवण. जरीकाठाच्या पांढऱ्या साड्यांची ही गर्दी. त्र्यंबकभोवती लोक जमले, फोटो काढू लागले. तरुण पोरं गाल पुढे करत. "अंकल, एक द्या ना! स्टिकरसारखी!" तो हसत हसत हात उगारायचा, फोटो निघायचा. अनन्या बाजूला उभी राहून त्याचा कोट सांभाळत होती.

जेवणाच्या रांगेत पायसम वाढणाऱ्या बाईपाशी तो आला. पन्नाशीची, चष्मा लावलेली, केस आखूड कापलेली. त्याने मलयाळममध्ये म्हटलं, "अर्धाच पेला द्या." तिने ऐकलं नाही. त्याने पुन्हा म्हटलं. तिने मान फिरवून उजवा कान त्याच्याकडे केला.

"या बाजूने बोला," ती म्हणाली. "ती बाजू बंद आहे. चौतीस वर्षं झाली."

त्र्यंबकच्या हातातला पेला तसाच राहिला. रांग मागे वाढत होती. तिने डाव दुसऱ्या बाईच्या हाती दिला, हात पुसले आणि भिंतीकडे चालू लागली. तो तिच्यामागे गेला.

"शोशम्मा," तो म्हणाला.

"इथे मला सगळे सूसन म्हणतात. तीस वर्षं नर्स आहे मी. कुणाला ठाऊक नाही. नवऱ्याला सांगितलं होतं, तो गेला. मुलालासुद्धा सांगितलेलं नाही." ती बोलताना त्याच्याकडे बघत नव्हती, मुलं रांगोळीतली फुलं पायाने उडवत होती तिकडे बघत होती. "तुम्ही येणार हे कळलं तेव्हा घरीच बसणार होते. मग म्हटलं, एक विचारायचं राहिलंय."

"मला माफ कर. डायरेक्टरने मला सांगितलं होतं की..."

"पहिल्या वेळी सांगितलं होतं. ते मला तेव्हाच कळलं. त्याला मी केव्हाच सोडून दिलं, मेलाही तो. मी दुसरीचं विचारतेय."

सभागृहातून माइकचा आवाज येत होता. तंकच्चन प्रमुख पाहुण्यांना शोधत होता.

"दुसरीच्या वेळी मला कुणी सांगितलं नव्हतं," त्र्यंबक म्हणाला.

"मग का मारलीत?"

चौतीस वर्षांत हा प्रश्न त्याला कुणी विचारला नव्हता आणि त्याने स्वतःलाही नाही. पण उत्तर तोंडाशीच होतं. "पहिलीला टाळ्या पडल्या होत्या."

तिने चष्मा काढून पुसला. मग म्हणाली, "हेच वर जाऊन सांगा. माझं नाव न घेता. या सगळ्यांच्या फोनमध्ये मी पडलेली आहे. ते कशाला हसतात ते एकदा त्यांना कळू दे."

तो मंचावर गेला तेव्हा मागच्या पडद्यावर तीच चित्रफीत लावली होती, मोठी करून, नगाऱ्याच्या आवाजासह. शिट्ट्या पडल्या. खिशातलं भाषण त्याने बाहेर काढलं नाही. त्याने "नमस्कारम" म्हटलं आणि सभागृह हसण्याने फुटलं. तो आवाज! पुढच्या रांगेतल्या एका बाईने तोंडावर पदर धरला. तो थांबला, परत सुरुवात केली. त्या दिवशी काय झालं ते सांगितलं. छत्री सांगितली. झाडाखालची आई सांगितली. लोक अजून हसत होते, कुठे तरी गंमत येणार म्हणून वाट बघत होते. मग हळूहळू गप्प झाले.

"पहिली थप्पड डायरेक्टरची होती," तो म्हणाला. "दुसरी माझी. हात कसा लांबून न्यायचा ते मला येत होतं. मी नेला नाही. ती मुलगी त्या कानाने परत ऐकू शकली नाही. तुम्ही जी बघता ना, ती दुसरी आहे."

त्याचा आवाज फाटला. एवढ्या शांततेत तो आवाज लहान मुलाच्या रडण्यासारखा वाटला. त्याने मागे, दाराकडे पाहिलं. शोशम्मा तिथे उभी होती.

आणि मग कुणी तरी उठून टाळी वाजवली. दुसरा उठला. सगळं सभागृह उभं राहिलं. तंकच्चनने डोळे पुसत माइक घेतला, "याला म्हणतात नट! बघा, आपल्याला रडवलं! उगाच नाही ऐंशी सिनेमे केले!" कुणी तरी ओरडलं, "ते खलनायकाचं हसणं! एकदा ते हसणं करून दाखवा!" त्र्यंबकच्या अंगावर शाल पडली. टाळ्या थांबेनात. त्याने हात जोडले. त्याला बरं वाटलं. ते त्याने पुढे कुणापाशी कबूल केलं नाही, पण टाळ्या येत होत्या आणि त्याला बरं वाटलं. त्याने परत दाराकडे पाहिलं तेव्हा दारात कुणी नव्हतं.

त्या भाषणाची चित्रफीतही फोनमधून फिरली. दोन दिवसांत लाखो लोकांनी पाहिली. तिसऱ्या दिवशी कुणी तरी जुन्या सिनेमाच्या श्रेयनामावलीतून मुलीचं नाव काढलं. चौथ्या दिवशी कुणाच्या तरी चुलतभावाने लिहिलं की ती बाई मिशिगनमध्ये नर्स आहे. मग दोन फोटो शेजारी शेजारी आले, एकोणिसाव्या वर्षाची मुलगी आणि दवाखान्याच्या गणवेशातली सूसन. खाली लोकांनी लिहिलं, बिचारी. लिहिलं, एवढं काही झालेलं दिसत नाही. एकाने लिहिलं, चांगलं झालं की, थप्पड खाऊन अमेरिका मिळाली. त्याला हजारभर लोकांनी हसरे चेहरे दिले.

अनन्याने ते सगळं भाषांतर करून वाचलं आणि आजोबांना दाखवलं. भाषांतर म्हणजे यंत्राचं, पण समजण्यापुरतं. ती आता हसत नव्हती. "आजोबा, वी हॅव टू गो टू हर," ती म्हणाली. तिनेच तंकच्चनकडून पत्ता मिळवला, तिनेच गाडी चालवली. शोशम्माचं घर तिथून वीस मिनिटांवर होतं. दार तिच्या मुलाने उघडलं, त्र्यंबकला ओळखलं आणि दार परत लावायला घेतलं. आतून ती म्हणाली, "थांब," आणि बाहेर आली. दार तिने आपल्यामागे ओढून घेतलं. त्यांना आत बोलावलं नाही.

"मी नाव घेतलं नव्हतं," त्र्यंबक म्हणाला. या वेळी त्याने उजवीकडे उभं राहून म्हटलं.

"नाही घेतलंत. हात लांबूनच गेला तुमचा. आवाज नंतर लोकांनी भरला."

"तूच म्हणालीस, सांगा म्हणून."

"म्हणाले. मला वाटलं होतं, लोक खाली मान घालतील. एक मिनिट तरी." तिने स्वेटरच्या बाह्या पुढे ओढल्या. "कामावर मुली विचारतात, सूसन, दुखलं का गं तेव्हा? त्याच मुलींनी मला तो स्टिकर पाठवला होता, तीन वर्षांपूर्वी. माझाच. मी पण हसरा चेहरा पाठवला होता त्यांना. तसं जगता येत होतं मला. मुलाला सांगितलं होतं, लहानपणी ताप आला म्हणून कान गेला. तो आता माझ्याशी मोठ्याने बोलतो. डाव्या बाजूला उभं राहायचं नाही हे त्याला लहानपणापासून ठाऊक आहे, तरी ओरडून बोलतो. जशी मी सगळीच बहिरी झाले."

"मी काय करू, सांग. जे म्हणशील ते करीन."

"तुम्ही हात जोडलेत," ती म्हणाली. "टाळ्या पडल्या तेव्हा. मी बघत होते. तुमच्या तोंडावर तेच होतं. त्या दिवशी छत्रीमुळे परत उभी राहिले ना, तेव्हा होतं तेच."

अनन्याला मलयाळम कळत नव्हतं; ती एकदा याच्याकडे, एकदा तिच्याकडे बघत होती.

"काही करू नका," शोशम्मा म्हणाली. "तेवढं जमेल तुम्हाला? आयुष्यात एकदा, काही करू नका." आणि ती आत गेली.

गाडीत अनन्याने विचारलं, "व्हॉट डिड शी से?"

"म्हणाली, ठीक आहे," त्र्यंबकने सांगितलं.

तीन आठवड्यांनी कोचीहून फोन आला. एक तरुण दिग्दर्शक होता, अतिशय अदबीने बोलणारा. "सर, तुमचा व्हिडिओ पाहिला. मी चार रात्री झोपलो नाही. मी तुमच्यासाठी रोल लिहिलाय. म्हातारा खलनायक, आजारी, मरण्याआधी सगळं सांगतो. कॅमेरा फक्त तुमच्या चेहऱ्यावर. अकरा मिनिटं."

त्र्यंबक जेवणाच्या टेबलापाशी बसला होता. समोर वैदेही लॅपटॉपवर काम करत होती. तिने मान वर केली.

"त्या बाईंना विचारलंत का?" तो फोनवर म्हणाला.

"नाव बदललंय, सर. गावही बदललंय. आणि थप्पड एकच ठेवलीय."

"दोन होत्या."

"हो, सर, पण दोन म्हणजे जरा जास्त होतं. मग प्रेक्षकांना तुमच्याबद्दल काही वाटेनासं होतं."

त्र्यंबकने फोन कानापासून थोडा दूर केला, परत लावला. खिडकीबाहेर शेजाऱ्यांचा पालापाचोळा उडवायचा पंखा घरघरत होता. वैदेही त्याच्याकडे बघत होती. तिला भाषा कळत नव्हती, पण वडिलांचा चेहरा तिला कळत होता.

"आवाज?" त्र्यंबकने विचारलं. "आवाज कोण देणार?"

"तुम्हीच, सर! या आवाजासाठीच तर फोन केलाय."

तिकडून दिग्दर्शक "हॅलो? हॅलो?" म्हणत राहिला.

"कधी यायचं?" त्र्यंबक म्हणाला.

वैदेहीने काहीही विचारलं नाही. रात्री जेवताना अनन्याने विचारलं, त्याने खरं ते सांगितलं, थप्पड एकच ठेवली आहे हेही सांगितलं. अनन्याने ताट उचललं आणि वर आपल्या खोलीत नेलं. त्यानंतरचे दहा दिवस ती त्याच्याशी बोलली, पण जेवढ्यास तेवढं, आणि इंग्रजीतच. जायच्या दिवशी टेस्ट आहे म्हणून ती विमानतळावर आली नाही.

नोव्हेंबर लागला होता. वैदेहीने गाडी निघणाऱ्या विमानांच्या दारापाशी लावली आणि इंजिन चालूच ठेवलं. बॅगा तिनेच उतरवल्या.

"मी तिला पत्र लिहीन," त्र्यंबक म्हणाला. "सगळं नीट समजावून सांगेन. तिकडून."

"बाबा, तिला काहीही पाठवू नका."

"बरं."

"परत यायचंय तुम्हाला?"

"शूटिंग चाळीस दिवसांचं आहे."

"ते नाही विचारलं मी."

मागच्या गाडीने हॉर्न दिला. पिवळं जाकीट घातलेला माणूस हाताने त्यांना पुढे जायला सांगत होता. वैदेहीने वडिलांच्या मफलरचं टोक कोटात खोचलं, गाडीत बसली आणि गेली. त्र्यंबक दोन्ही बॅगा ओढत आत शिरला. रांग लांब होती. त्याने कोटाच्या खिशातून दिग्दर्शकाने पाठवलेली, घडी केलेली पानं काढली, चष्मा लावला आणि उभ्या उभ्या, ओठांतल्या ओठांत, वाक्यं म्हणू लागला.